‘जंगल’ नावाचा माळ आणि ‘डीएस’ ही दोन अक्षरे

मित्रहो, आजचा धागा एका शब्दापासून सुरू करू. ‘जंगल’ म्हटले की आपल्या डोळ्यांपुढे दाट झाडी येते, वेलींची गुंतवळ येते, दुपारीही न सरणारा ओलसर अंधार येतो. परंतु हा शब्द ज्या संस्कृत ‘जांगल’ शब्दापासून आला, त्याचा मूळ अर्थ जवळजवळ उलटा होता.

चरक आणि सुश्रुत यांच्या संहितांत भूमीचे तीन प्रकार सांगितले आहेत : जांगल, आनूप आणि साधारण. आनूप म्हणजे पाणथळ, दमट, गर्द झाडीचा प्रदेश. जांगल म्हणजे कोरडा, खडे-वाळूचा, वाऱ्याचा, वर मोकळे आकाश असलेला प्रदेश. तेथे खैर, धावडा, सालई, बोर, शमी अशी झाडे. हरणे, तित्तिर, लावे असे प्राणी-पक्षी. दोहोंच्या मधला तो साधारण. वैद्यांना ही विभागणी कशासाठी हवी होती? वनस्पती कोणत्या भूमीतून आणावी, कोणत्या प्रदेशात कोणते विकार बळावतात, रोग्याला कोणत्या प्राण्याचे मांस पथ्यकर, हे ठरवण्यासाठी. आणि या हिशेबात जांगल हा निरोगी प्रदेश होता. फ्रान्सिस झिमरमन या फ्रेंच अभ्यासकाने १९८२ साली या विषयावर एक संपूर्ण ग्रंथच लिहिला.

येथे एक गोष्ट ध्यानात ठेवावी, कारण ती पुढे वारंवार लागेल. भूमीचे कोणतेही वर्गीकरण कोणाच्या तरी कामासाठी केलेले असते. वैद्याचे वर्गीकरण रोग्यासाठी होते. कौटिल्याचे राज्यासाठी होते. अर्थशास्त्रात लाकूड, बांबू, साल, वेल देणारे ते द्रव्यवन. हत्तींसाठी राखलेले ते हस्तिवन. मृगांसाठीचे ते मृगवन. आणि याखेरीज ‘विवीत’, म्हणजे चराऊ मोकळी भूमी. जेथे नांगर चालत नाही तेथे पशूंसाठी विवीत राखावे, असे कौटिल्य सांगतो आणि त्यावर विवीताध्यक्ष नावाचा स्वतंत्र अधिकारी नेमतो. वन आणि चराई ही दोन वेगळी खाती होती. विवीत म्हणजे बिघडलेले वन, ही कल्पना तेथे कोठेही नाही.

आपल्या मराठी मुलखातही ही जाण भाषेत टिकून होती. राई वेगळी, देवराई वेगळी, रान वेगळे. कुरण वेगळे, गायरान वेगळे, माळ वेगळा. मराठ्यांच्या घोडदळाच्या काळात कुरणे राखली जात, कारण घोडा गवतावर उभा असतो. रामचंद्रपंत अमात्यांच्या आज्ञापत्रात आरमारासाठी लागणाऱ्या लाकडाचा विचार करताना रयतेच्या आंब्या-फणसाला हात लावू नये, असे बजावले आहे. तेथे प्रश्न झाड कोणते आणि कोणाचे, हा आहे. गवताळ माळावर झाडे का नाहीत, असा प्रश्न कोणी विचारत नव्हते. तो प्रश्न विचारणारे लोक नंतर आले.

ते आले सागाच्या शोधात. ब्रिटिश आरमाराला सागवान हवे होते. पुढे १८५३ साली मुंबई-ठाणे रेल्वे सुरू झाली आणि रुळांखालच्या लाकडी स्लीपरांची भूक वाढतच गेली. मुंबई इलाख्यात १८४७ साली अलेक्झांडर गिब्सन हा वनांचा संरक्षक नेमला गेला. पेशाने हा डॉक्टर आणि पुण्याजवळच्या दापोडीच्या वनस्पती-उद्यानाचा प्रमुख. १८५५ साली गव्हर्नर-जनरल डलहौसीने वनविषयक धोरणाचा मसुदा काढला. पुढच्याच वर्षी डिट्रिच ब्रँडिस नावाचा जर्मन वनस्पतिशास्त्रज्ञ ब्रह्मदेशातील पेगूच्या जंगलांवर रुजू झाला.

ब्रँडिसची मोजणी करण्याची रीत मोठी मनोरंजक आहे. तो हत्तीवर बसून जंगलातून सरळ रेषेत जाई. एका हातात बांबूच्या कांड्या, दुसऱ्या हातात चाकू. सागाचे झाड दिसले की त्याच्या घेरानुसार ठरलेल्या कांडीवर एक खाच. संध्याकाळी खाचा मोजायच्या आणि त्यावरून सगळ्या टापूतील सागाचा अंदाज बांधायचा. पावसाळी, मलेरियाच्या मुलखात हे काम करणे सोपे नव्हते आणि त्या काळच्या मानाने ही पद्धत अतिशय शास्त्रशुद्ध होती. मात्र सागाखेरीज इतर झाडांसाठी कांडीच नव्हती. गवतासाठी तर नव्हतीच नव्हती. १८६४ साली हाच ब्रँडिस हिंदुस्थानचा पहिला वनमहानिरीक्षक झाला.

नंतर कायदे आले. १८६५चा पहिला आणि १८७८चा दुसरा, अधिक कडक. या दुसऱ्या कायद्याने वनांचे तीन वर्ग केले : राखीव, संरक्षित आणि ग्रामवन. हे वर्ग हक्कांचे होते. राखीव वनात सरकारचा हक्क जवळपास पूर्ण, संरक्षितात थोडा सैल, ग्रामवन गावासाठी. त्या जमिनीवर काय उगवते, याच्याशी या नावांचा संबंध नव्हता. म्हणून एखादा उघडा माळही कागदोपत्री ‘राखीव वन’ होऊ शकला आणि झालाही. ‘शेतकऱ्याचा असूड’मध्ये जोतीराव फुल्यांनी डोंगर, दऱ्या, पडीक जमिनी आणि गायराने वनखात्याने घशात घातल्याची जी तक्रार केली आहे, ती याच काळातली आहे. ठाणे आणि कुलाबा जिल्ह्यांत असंतोष इतका वाढला की १८८५ साली सरकारला मुंबई वन आयोग नेमावा लागला.

वनखात्याच्या जोडीला महसूलखात्याचे स्वतःचे वर्गीकरण चालूच होते. १८३५च्या सुमारास गोल्डस्मिड आणि विंगेट यांनी इंदापूर तालुक्यात जी जमीन-पाहणी सुरू केली, तिच्यावर पुढे सगळ्या मुंबई इलाख्याची सारापद्धती उभी राहिली. तिच्या लेखी जमिनीचे दोन मूलभूत प्रकार होते : जिच्यावर सारा बसतो ती आणि जिच्यावर बसत नाही ती. आजही सातबाराच्या उताऱ्यावर ‘पोटखराबा’ हा शब्द दिसतो ना? त्यातल्या ‘खराबा’कडे जरा पाहा. जमीन खराब आहे, म्हणजे तीवर पीक निघत नाही, म्हणजे सारा मिळत नाही. मेंढपाळाला ती खराब वाटत होती की नाही, हे विचारण्याचे कोणाला कारण नव्हते.

एक अपवाद नोंदवला पाहिजे. १८९४च्या वनधोरणात वनांचे चार वर्ग होते : हवामान आणि भूरूप यांच्या रक्षणासाठीची वने, व्यापारी लाकडाची वने, दुय्यम वने आणि कुरणे. म्हणजे कुरण निदान स्वतंत्र वर्ग म्हणून मान्य झाले होते. पण वनखात्याच्या चाकोरीत प्रतिष्ठा लाकडाची होती. कुरणाचे काम करून कोणाची बढती होत नसे, असे म्हटले तर फारशी अतिशयोक्ती होणार नाही.

आता मुख्य पात्र. हॅरी जॉर्ज चॅम्पियन. वाघांची रात्रीची छायाचित्रे टिपून गाजलेल्या एफ. डब्ल्यू. चॅम्पियनचा हा भाऊ. हॅरी देहरादूनच्या वनसंशोधन संस्थेत वनसंवर्धनशास्त्रज्ञ होता. १९३६ साली त्याने हिंदुस्थान आणि ब्रह्मदेशातील वनप्रकारांची प्राथमिक पाहणी प्रसिद्ध केली. १९६८ साली एस. के. सेठ यांच्यासह तिची सुधारित आवृत्ती निघाली. देशातील सगळी वने १६ गटांत आणि त्यांखाली दोनशेहून अधिक प्रकार-उपप्रकारांत मांडणारा हा ग्रंथ आजही वनखात्याचा पायाभूत संदर्भ आहे. वनविभागांच्या कार्य आयोजनांत आजही त्यातले संकेतांक लिहिले जातात.

हे काम किती मोठे होते, हे समजण्यासाठी महाबळेश्वरहून फलटणला जावे. सरळ रेषेत अंतर शंभर किलोमीटरच्याही आत. महाबळेश्वरला वर्षाला साडेपाच हजार मिलिमीटरच्या आसपास पाऊस, फलटणला सुमारे पाचशे. वर जांभूळ-अंजनीची बुटकी, सदाहरित, शेवाळलेली झाडी. घाट उतरला की पानगळ सुरू होते, झाडे विरळ होतात आणि पुढे बोर-बाभूळ-हिवराचा गवताळ माळ लागतो. एवढ्याशा अंतरात इतके बदल असतील, तर कन्याकुमारीपासून हिमरेषेपर्यंतचे सगळे एका पद्धतीत कसे बसवायचे? चॅम्पियनने पाऊस, तापमान, कोरड्या ऋतूची लांबी, झाडांची उंची, पानगळ आणि प्रमुख जाती यांच्या आधारे ते बसवले. उपग्रह नाही, संगणक नाही. हाताशी होती वनाधिकाऱ्यांची टिपणे आणि स्वतःची पायपीट. त्याचे सदाहरित आणि पानझडी वनांचे प्रकार आजही जमिनीवर जाऊन ओळखता येतात. टीका करण्यापूर्वी हे श्रेय त्याला दिलेच पाहिजे.

अडचण संकेतांकांच्या शेपटीत आहे. या पद्धतीत आधी गटाचा आकडा येतो आणि नंतर एक अक्षर. ‘सी’ म्हणजे त्या हवामानात वनाने गाठावयाची अंतिम, परिपक्व अवस्था. ‘ई’ म्हणजे मातीच्या वैशिष्ट्यामुळे घडलेला प्रकार. सालईची वने आणि पळसाची वने याच वर्गात येतात. आणि ‘डीएस’ म्हणजे ऱ्हासाची पायरी. उदाहरणार्थ, सहाव्या गटातील ‘६ए/सी१’ हे दक्षिणेकडील काटेरी वन. त्याच गटातील ‘६ए/डीएस१’ हे काटेरी झुडपांचे रान, म्हणजे त्या वनाची बिघडलेली अवस्था. पाचव्या, शुष्क पानझडी गटातील ‘५/डीएस२’ म्हणजे शुष्क सॅव्हाना आणि ‘५/डीएस४’ म्हणजे शुष्क गवताळ प्रदेश.

पुन्हा वाचा. विरळ झाडांचा माळ : ऱ्हास. निव्वळ गवत : ऱ्हास. माळाला नाव मिळाले, पण ते आजाराचे नाव होते. ज्या प्रदेशाला चरकाच्या काळी जांगल म्हणत आणि निरोगी समजत, त्याच प्रदेशाची ही नोंद.

असे का झाले? यामागे एक सिद्धान्त होता. अमेरिकेतील फ्रेडरिक क्लेमेंट्सने १९१६ साली मांडले की प्रत्येक हवामानात वनस्पतींचा समाज टप्प्याटप्प्याने बदलत एका निश्चित अंतिम अवस्थेला पोहोचतो. तिला त्याने ‘क्लायमॅक्स’ म्हटले. आपण चरमावस्था म्हणू. चॅम्पियनच्या संकेतांकातला ‘सी’ याच विचारातून आला. हा विचार वनाधिकाऱ्यांना पटण्यासारखाच होता. जमिनीला कुंपण घाला, वणवा रोखा, गुरे हाकला; काही वर्षांत झुडपे वाढतात, झाडी दाटते. हे त्यांनी प्रत्यक्ष पाहिले होते. मग निष्कर्ष सोपा : येथे मुळात वनच होते, माणसाने आणि गुरांनी ते बिघडवले.

यातला विरोधाभास मला फार बोलका वाटतो. क्लेमेंट्स स्वतः नेब्रास्काचा. प्रेअरीच्या गवतात वाढलेला. आपल्या गावच्या गवताळ प्रदेशाला त्याने चरमावस्था मानले होते. त्याच्या सिद्धान्तात गवतालाही अंतिम अवस्था होण्याचा अधिकार होता. तोच सिद्धान्त समुद्र ओलांडून वनखात्याच्या हाती पडला आणि दख्खनच्या गवताचा तो अधिकार गेला.

कुंपण घातल्यावर झाडी दाटते, एवढ्यावरून ती मूळची होती हे सिद्ध होत नाही. कुंपणाने गुरे जातात, पण गुरांच्या आधी तेथे काळविटांचे आणि चिंकारांचे कळप होते. वणवा रोखला जातो, पण कोरड्या गवताला आग लागणे ही माणसाच्या आधीचीही गोष्ट आहे. चरणारे प्राणी आणि आग यांना वगळून जे उगवते, ते त्या भूमीचे मूळ रूप कशावरून?

इतिहासाच्या विद्यार्थ्यांनी येथे पुढे यावे, कारण या प्रश्नाचे उत्तर काही अंशी आपल्याकडे आहे. जळगाव जिल्ह्यातील चाळीसगावजवळ पाटणे येथे उत्खननात शहामृगाच्या अंड्यांच्या कवचाचे तुकडे आणि त्यांपासून केलेले मणी सापडले. काळ सुमारे २५,००० वर्षांपूर्वीचा. शहामृग दाट वनात राहत नाही. त्याला धावायला उघडी जमीन लागते. तेव्हा या मुलखात कुऱ्हाडीने वन साफ करणारा शेतकरी अजून जन्मला नव्हता. शिरूर तालुक्यात घोड नदीकाठी डेक्कन कॉलेजने इनामगावचे ताम्रपाषाणयुगीन गाव उकरले, तेथे काळविटाची हाडे मिळाली. काळवीटही उघड्या रानाचाच प्राणी.

आणि साहित्य? २०२५ साली आशीष नेर्लेकर आणि दिग्विजय पाटील यांनी एक वेगळाच प्रयोग प्रसिद्ध केला. तेराव्या शतकापासूनच्या मराठी साहित्यात आणि लोककथांत पश्चिम महाराष्ट्रातील कोणत्या रानवनस्पतींचे उल्लेख येतात, हे त्यांनी तपासले. ४४ जाती मिळाल्या आणि त्यांतील सुमारे दोन-तृतीयांश माळरानाच्या निदर्शक निघाल्या. म्हणजे ब्रिटिश येण्याच्या कितीतरी आधी, संतांच्या आणि देवस्थानांच्या कथांत जे रान आहे, ते बहुतांशी विरळ झाडांचे, काटेरी, गवताळ रान आहे. पोथ्या वाचणाऱ्याने पर्यावरणशास्त्रज्ञाला पुरावा पुरवावा, हे मला तरी फार आवडले.

याचा अर्थ प्रत्येक उघडी टेकडी पुरातन माळ आहे, असा मुळीच नाही. सह्याद्रीच्या उतारांवर, कोकणाच्या बाजूला वने तुटली आहेत आणि ती जागा खरोखरच ऱ्हास पावलेली आहे. तेथे झाडे परत आणणे योग्यच. म्हणून ओळख महत्त्वाची. तोडलेल्या वनात जुन्या बुंध्यांतून फुटलेले धुमारे दिसतात, सावलीत वाढणाऱ्या जातींचे अवशेष दिसतात. जुन्या माळावर मारवेल, कुसळी, डोंगरी अशी बहुवर्षायू गवते असतात. पहिल्या पावसाबरोबर कंदांतून वर येणाऱ्या छोट्या वनस्पती असतात. झाडांच्या साली आगीला तोंड देण्याइतक्या जाड असतात. येथे बहुतेक जीव जमिनीखाली असतो. मे महिन्यात पाहणी केली तर तो दिसणारच नाही. १९७३ साली दाबडघाव आणि शंकरनारायण यांनी देशाच्या गवताळ आवरणाची स्वतंत्र पाहणी प्रसिद्ध केली आणि आपल्या पठाराला सेहिमा-डायकँथियम या प्रकारात टाकले. त्यातला डायकँथियम म्हणजे आपला मारवेल. पण हे ज्ञान चाऱ्याच्या अभ्यासकांपुरते राहिले. वनखात्याच्या कोष्टकात ‘डीएस’च चालू राहिले.

नावाचे परिणाम कसे होतात ते आता पाहू. १९८५ साली राष्ट्रीय पडीक जमीन विकास मंडळ स्थापन झाले आणि दरवर्षी ५० लाख हेक्टरांवर झाडे लावण्याचे लक्ष्य जाहीर झाले. एवढी जमीन आणायची कोठून? ‘पडीक’ आणि ‘ऱ्हास पावलेली’ असा शिक्का जिच्यावर होता, तीच. माळांवर समपातळीचे चर खोदले गेले, खड्डे पडले, लवकर वाढणारी परदेशी झाडे लागली. गवताचे मूळ एकदा उलथले की ते सहजी परत बसत नाही.

याची सर्वांत दुःखद कहाणी सोलापूरजवळच्या नान्नजची आहे. १९७९ साली माळढोकासाठी येथे अभयारण्य जाहीर झाले. कागदावरचे क्षेत्र जवळजवळ साडेआठ हजार चौरस किलोमीटर, पुढे ते घटवून सुमारे बाराशेवर आणले. माळढोक हा उघड्या माळाचा पक्षी. त्याला दूरवर दिसावे लागते, तो अंडे जमिनीवरच घालतो. अशा पक्ष्याच्या माळावर ग्लिरिसिडियाची झाडे वाढवली गेली! झाडे लावणाऱ्यांच्या मनात दुष्टावा नव्हता. त्यांच्या शास्त्राने त्यांना सांगितले होते की ही जागा झाडांची वाट पाहते आहे. आज नान्नजला माळढोक दिसला तर ती वर्तमानपत्रातली बातमी होते.

आणखी एक व्याख्या पाहा. भारतीय वन सर्वेक्षणाच्या हिशेबात एक हेक्टर किंवा अधिक जमिनीवर दहा टक्के किंवा अधिक छत्र असेल तर ते ‘वनाच्छादन’. मालकी कोणाची, झाडे कोणती, हे पाहिले जात नाही. त्यामुळे आंब्याची बाग या आकड्यात बसते. शेकडो वर्षांचा गवताळ माळ बसत नाही. त्याच माळावर नीलगिरी लावली की देशाचे वनाच्छादन वाढते. एम. डी. मधुसूदन आणि अबी वनक यांनी २०२२ साली अशा कोरड्या, मोकळ्या नैसर्गिक प्रदेशांचा नकाशा प्रसिद्ध केला, तेव्हा ते देशाच्या सुमारे दहा टक्के भूमीवर असल्याचे दिसले. त्यांतील पाच टक्क्यांहूनही कमी भाग संरक्षित क्षेत्रांत आहे. आता झाडांच्या जोडीला सौरऊर्जा प्रकल्पांनाही हीच ‘रिकामी’ जमीन लागते. ती रिकामी नाही, हे दिवाळीनंतर कोकणात उतरून पावसाळ्यात देशावर परतणाऱ्या धनगरांना विचारावे. पण त्यांच्या वाटा कोणत्याच कोष्टकात नाहीत.

बारामती तालुक्यात सुप्याजवळ मयूरेश्वर अभयारण्य आहे, चिंकारांसाठी राखलेले, लहानसे. जुलैअखेर जमले तर जाऊन या. खैर, बोर, हिवर, मधे गुडघाभर गवत, वर पूर्ण आकाश. चरकाची जांगल देशाची यादी हाती घेऊन गेलात, तर बऱ्याच नावांपुढे खूण करता येईल.

१८८५चा वन आयोग ज्यामुळे नेमावा लागला ती राबाची तक्रार, म्हणजे भाताच्या रोपांसाठी फांद्या तोडून जाळण्याच्या हक्काची भांडणे, मी येथे मुद्दाम टाळली. तो विषय स्वतंत्र धाग्याचा आहे. पुढच्या रविवारी.